हिगाशियामाच्या उतरणीवर किमोनो

जपानमधील क्योटो शहराच्या पूर्वेला डोंगरांची एक रांग आहे. तिच्या पायथ्याशी वसलेल्या जुन्या भागाला हिगाशियामा म्हणतात. 'पूर्वेचा डोंगर' हाच या शब्दाचा अर्थ. कियोमिझु-देरा या प्राचीन बौद्ध मंदिरापासून गिऑन या नृत्यगायनासाठी प्रसिद्ध असलेल्या पेठेपर्यंत येथील दगडी वाटा उतरत जातात. या वाटांवर एक दृश्य आता नित्याचे झाले आहे. जपानच्या अन्य प्रांतांतून आणि परदेशांतून आलेले पर्यटक सकाळी एखाद्या दुकानात शिरतात, काही वेळाने किमोनो परिधान करून बाहेर पडतात, दिवसभर जुन्या गल्ल्यांतून हिंडतात आणि संध्याकाळी ते वस्त्र परत करतात.

वरवर पाहता ही प्रवासातील एक हौस आहे. परंतु ज्या गल्ल्यांतून ही मंडळी हिंडतात तेथे माणसे राहतात, आणि जे वस्त्र ती अंगावर घेतात त्यावर आजही अनेक विणकर व रंगारी यांची उपजीविका चालते. पेठ आणि पोशाख या दोन्ही गोष्टी आपोआप टिकलेल्या नाहीत, त्या प्रयत्नपूर्वक टिकवल्या गेल्या आहेत. म्हणूनच किमोनो घालून हिगाशियामा पाहणाऱ्याने या दोहोंची थोडी ओळख करून घेणे आवश्यक ठरते.

राजधानीची पेठ

इ. स. ७९४ मध्ये सम्राट कान्मु यांनी येथे हेइआन-क्यो ही राजधानी वसवली. तेव्हापासून १८६८ पर्यंत, म्हणजे हजाराहून अधिक वर्षे, क्योटो हे सम्राटांच्या निवासाचे शहर होते. राजसत्तेची प्रत्यक्ष सूत्रे अनेकदा अन्यत्र गेली, तरी दरबार, मठ-मंदिरे आणि त्यांना लागणारे कारागीर क्योटोतच राहिले. रेशीम विणणारे, कापड रंगवणारे, पंखे आणि चिनी मातीची भांडी घडवणारे यांची वस्ती या शहरात दाट झाली, ती या आश्रयामुळेच.

हिगाशियामाच्या वाटा यात्रेकरूंच्या पायांनी घडल्या. परंपरेनुसार कियोमिझु-देराची स्थापना ७७८ ची मानली जाते. आजचे मुख्य मंदिर १६३३ मध्ये तिसरे तोकुगावा शोगुन इएमित्सु यांच्या आश्रयाने पुन्हा उभारले गेले. मंदिराकडे चढणाऱ्या रस्त्यांच्या दुतर्फा यात्रेकरूंसाठी चहाची दुकाने निघाली, भांड्यांची व मिठाईची दुकाने आली. खाली यासाका मंदिराच्या दाराशीही असेच झाले. तेथील चहाच्या दुकानांतूनच पुढे गिऑनची प्रसिद्ध चहागृहे आणि त्यांतील नृत्यगायनाची परंपरा वाढीस लागली.

'गिऑन' या नावाचा धागा थेट भारतापर्यंत येतो. श्रावस्तीच्या जेतवन विहाराला जपानी बौद्ध परंपरेत 'गिऑन-शोजा' म्हणतात. अनाथपिंडिकाने राजकुमार जेत याच्याकडून विकत घेऊन भगवान बुद्धांना अर्पण केलेले ते उपवन मराठी वाचकांना परिचित आहे. यासाका मंदिरात पूर्वी ज्या गोझु तेन्नो या देवतेची उपासना होई, ती जेतवनाची रक्षक मानली जात असे. त्यावरून मंदिराला आणि पुढे भोवतालच्या वस्तीला गिऑन हे नाव मिळाले. १८६८ मध्ये सरकारने शिंतो व बौद्ध उपासना वेगळ्या केल्या, तेव्हा मंदिराचे नाव बदलून यासाका करण्यात आले. पेठेचे नाव मात्र गिऑन हेच राहिले.

वाचलेली घरे

दुसऱ्या महायुद्धात जपानची बहुतेक मोठी शहरे बॉम्बहल्ल्यांत जळाली. क्योटो त्यातून बव्हंशी वाचले. अणुबॉम्बच्या संभाव्य लक्ष्यांच्या यादीत त्याचे नाव होते. अमेरिकेचे युद्धमंत्री हेन्री स्टिम्सन यांच्या आग्रहाने ते वगळण्यात आले. तरीही शहराला झळ लागलीच नाही असे नव्हे. जानेवारी १९४५ मध्ये हिगाशियामातील उमामाची या भागावर बॉम्ब पडले. आग पसरू नये म्हणून शहरात घरांच्या रांगाच्या रांगा सरकारनेच पाडल्या. गोजो आणि ओइके हे आजचे रुंद रस्ते त्या पाडापाडीतून निर्माण झाले आहेत.

युद्धापेक्षा मोठे संकट नंतर आले. १९६० नंतरच्या भरभराटीत क्योटोची जुनी लाकडी घरे पाडून तेथे सिमेंटच्या इमारती उभ्या राहू लागल्या. या घरांना 'माचिया' म्हणतात. रस्त्याकडे अरुंद दर्शनी भाग, त्यावर बारीक लाकडी गजांची जाळी, पुढे दुकान, मागे राहण्याच्या खोल्या आणि मध्ये हवा-उजेडासाठी सोडलेली चिमुकली बाग अशी त्यांची रचना असते. लांबट आणि अरुंद म्हणून जपानी लोक या घराला 'ईल माशाचे अंथरूण' असे गमतीने म्हणतात. १९७५ मध्ये सांस्कृतिक संपदेच्या संरक्षणाच्या कायद्यात दुरुस्ती झाली आणि सुट्या वास्तूंबरोबर संपूर्ण पेठांनाही संरक्षण देण्याची सोय झाली. १९७६ मध्ये सान्नेनझाका आणि गिऑन-शिनबाशी हे क्योटोतील दोन भाग तीत समाविष्ट झाले. २००७ मध्ये शहराने अधिक कडक धोरण स्वीकारले. मध्यवर्ती भागात इमारतींची कमाल उंची ४५ मीटरवरून ३१ मीटरवर आणली गेली आणि जाहिरातींच्या फलकांचा आकार व रंग यांवर बंधने आली.

संरक्षित पेठांबाहेर मात्र घट चालूच आहे. २०१६ च्या महापालिकेच्या पाहणीत शहरात सुमारे ४० हजार माचिया उरल्याचे आढळले. पुढील वर्षी त्यांच्या जतनासाठी स्वतंत्र नियम करण्यात आला. हिगाशियामात आपण जे पाहतो ते जुन्या क्योटोचे संपूर्ण रूप नसून त्याचा निगुतीने राखलेला एक भाग आहे.

सरळ रेषेत कापलेले वस्त्र

'किमोनो' या शब्दाचा मूळ अर्थ 'अंगावर घालायची वस्तू' एवढाच आहे. एकोणिसाव्या शतकात पाश्चात्त्य कपडे आले आणि १८७२ मध्ये सरकारी समारंभांसाठी तेच अधिकृत ठरले. त्यानंतर जपानी पोशाख वेगळा ओळखण्याची गरज भासू लागली. आजच्या किमोनोचे पूर्वरूप 'कोसोदे' होय. अरुंद मनगटपट्टीचा हा अंगरखा आधी दरबारी पोशाखाच्या आत घातला जाई. कालांतराने तोच बाहेरचा मुख्य पोशाख बनला.

किमोनोचे कापड साधारण ३६ ते ३८ सेंटीमीटर रुंद आणि बारा मीटरांहून थोडे लांब अशा एकाच पट्टीचे असते. ती पट्टी सरळ रेषेत कापून आठ तुकडे करतात: धडाचे दोन, बाह्यांचे दोन, पुढील बाजूच्या जोडपट्ट्या दोन आणि गळ्याच्या पट्ट्या दोन. गोलाई कोठेही काढली जात नाही, त्यामुळे कापड वाया जात नाही. जुन्या पद्धतीत किमोनोची शिवण पूर्ण उसवून तुकडे पुन्हा एकमेकांना जोडत, धुऊन ताणून वाळवत आणि पुन्हा शिवत. शिवणीत दडलेले कापड सोडून तोच किमोनो आईकडून मुलीकडे जाऊ शके. अंगाच्या मापाप्रमाणे कापड कापण्याऐवजी नेसताना ते अंगावर बसवायचे, हे या वस्त्राचे तत्त्व आहे. म्हणूनच किमोनोला बाह्या असल्या, तरी तो घालण्याची क्रिया आपल्या 'नेसणे' या शब्दाला अधिक जवळची वाटते.

या कलेची दोन मोठी नावे क्योटोचीच आहेत. शहराच्या वायव्येस असलेल्या निशिजिन भागात भरजरी रेशीम विणले जाते. ओनिन युद्धात (१४६७ ते १४७७) पश्चिमेकडील सैन्याची छावणी येथे होती, त्यावरून 'पश्चिमेची छावणी' हे नाव पडले. युद्ध संपल्यावर परतलेल्या विणकरांनी येथे माग पुन्हा सुरू केले. दुसरे नाव युझेन रंगकामाचे. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात पंख्यांवर चित्रे काढणारे मियाझाकी युझेन यांच्या नावाने ते ओळखले जाते. भाताच्या खळीची बारीक रेघ ओढून रंग एकमेकांत मिसळू न देण्याच्या या पद्धतीमुळे कापडावर चित्रासारखी नक्षी उतरू लागली. भारतातून पोर्तुगीज व डच व्यापाऱ्यांमार्फत गेलेल्या छापील सुती कापडाचाही जपानी रंगाऱ्यांवर प्रभाव पडला. त्या शैलीला जपानीत आजही 'सारासा' म्हणतात.

दुकानात काय घडते?

कियोमिझु-देराच्या रस्त्यावर आणि गिऑन परिसरात किमोनो भाड्याने देणारी अनेक दुकाने आहेत. काही हजार येनमध्ये दिवसभरासाठी संपूर्ण पोशाख मिळतो. त्यात पिशवी, चपला आणि अंगठा वेगळा असलेले 'ताबी' मोजेही येतात. नेसवणाऱ्या स्त्रिया कुशल असतात आणि हे काम साधारण अर्ध्या तासात पूर्ण करतात.

प्रथम पातळ अंतर्वस्त्र, त्यावर पांढरी गळपट्टी असलेला आतला किमोनो आणि मग बाहेरचा किमोनो असा क्रम असतो. किमोनोत शरीराची वळणे दाखवण्यापेक्षा सरळ, सलग रेषा साधण्यावर भर असतो. त्यासाठी कमरेवर टॉवेलची घडीही बांधतात. डावी बाजू नेहमी उजव्या बाजूवर येते. याच्या उलट नेसवण्याची रीत केवळ मृतदेहासाठी आहे, त्यामुळे ही चूक जपानमध्ये अशुभ मानली जाते. स्त्रियांचा किमोनो अंगापेक्षा लांब असतो. उरलेली लांबी कमरेशी दुमडून मऊ दोरीने बांधतात. त्यावर 'ओबी' हा चार मीटरच्या आसपास लांबीचा पट्टा गुंडाळून पाठीवर त्याची गाठ बसवतात. पुरुषांचा ओबी अरुंद असतो आणि कमरेच्या खाली बांधला जातो.

दुकानांतील बहुतेक किमोनो पॉलिस्टरचे असतात आणि ओबीची गाठ अनेकदा आधीच तयार केलेली असते. लेस लावलेले, भडक रंगांचे प्रकारही दिसतात. जाणकार त्यावर नाके मुरडतात. परंतु रोज धुऊन दुसऱ्या दिवशी दुसऱ्याला द्यायचे वस्त्र हाताने रंगवलेल्या रेशमाचे असणे शक्य नाही, हेही खरे. येथे मिळतो तो किमोनोचा परिचय. त्याची श्रेष्ठ कला पाहायची असल्यास वस्तुसंग्रहालयांत आणि निशिजिनच्या कारखान्यांतच जावे लागते.

डोंगरावरून खाली

किमोनो घातल्यावर पाऊल आखूड पडते आणि चपलेला टाच अडकवण्याची सोय नसते. त्यामुळे वाहनाने वर जाऊन कियोमिझु-देरापासून पायी खाली उतरणे सोयीचे ठरते. गिऑनपर्यंतचे अंतर दोन-अडीच किलोमीटर आहे. मंदिर सकाळी सहा वाजता उघडते, परंतु किमोनोची दुकाने त्यानंतर उघडतात. म्हणून गर्दी टाळण्यासाठी दुकानातील पहिलीच वेळ ठरवून ठेवणे हिताचे.

कियोमिझु-देराचा लाकडी सज्जा उतारावर सुमारे तेरा मीटर उंच उभा आहे. मोठा निर्णय घेणाऱ्याविषयी 'त्याने कियोमिझुच्या सज्ज्यावरून उडी घेतली' असे जपानी भाषेत म्हणतात. मनातील इच्छा पूर्ण व्हावी म्हणून पूर्वी लोक खरोखरच उडी मारीत. १८७२ मध्ये त्यावर बंदी आली. सज्ज्याखाली तीन धारांनी पडणारे ओतोवा झऱ्याचे पाणी आहे. त्याच्या निर्मळपणावरूनच मंदिराला 'कियोमिझु', म्हणजे निर्मळ पाणी, हे नाव मिळाले.

मंदिराकडून उतरताना उजवीकडे सान्नेनझाकाच्या पायऱ्या लागतात. हे नाव सुखरूप बाळंतपणाच्या 'सान्नेइ' या शब्दावरून आले असे एक मत आहे, कारण ही वाट मंदिरातील कोयासु पॅगोड्याकडे जाते आणि गर्भवती स्त्रिया तेथे प्रार्थनेला जात. येथे जो पडेल तो तीन वर्षांत मरेल अशी लोकसमजूत आहे, आणि तिच्यावर उपाय म्हणून शेजारी भोपळ्याचा ताईत विकला जातो! किमोनो घातलेल्यांसाठी या पायऱ्या खरोखरच बेताच्या चालीने उतरण्याच्या आहेत. पायऱ्या चढताना उजव्या हाताने किमोनोची किनार किंचित उचलावी, उतरताना पाऊल तिरके ठेवावे.

पुढे निनेनझाकाची वाट येते. दुतर्फा कौलारू घरे, भांड्यांची दुकाने आणि पश्चिमेला यासाका पॅगोडा दिसतो. ४६ मीटर उंचीचा हा पाचमजली पॅगोडा १४४० मध्ये आशिकागा शोगुन योशिनोरी यांनी पुन्हा बांधला. किमोनोतील छायाचित्रांसाठी सर्वाधिक गर्दी येथेच होते. निनेनझाकाच्या पलीकडे कोदाइ-जी हे मंदिर आहे. तोयोतोमी हिदेयोशी यांच्या स्मरणार्थ त्यांची पत्नी नेने यांनी ते १६०६ मध्ये स्थापन केले. मंदिराच्या पायथ्याची फरसबंदी वाट त्यांच्याच नावाने ओळखली जाते. तेथून मारुयामा उद्यानातून यासाका मंदिरात आणि मग गिऑनमध्ये पोहोचता येते.

गिऑनचे दार

यासाका मंदिराचा उत्सव, गिऑन मात्सुरी, साथीच्या रोगांच्या शांतीसाठी ८६९ मध्ये सुरू झाला असे मानतात. जुलै महिनाभर तो चालतो आणि १७ व २४ जुलै रोजी उंच रथांच्या मिरवणुका निघतात. रथांवरील जुन्या सजावटीत युरोपीय पडदे आहेत, तसे भारतीय व इराणी गालिचेही आहेत. या दिवसांत रस्त्यावर किमोनोपेक्षा 'युकाता' हा सुती, बिनअस्तराचा उन्हाळी पोशाख अधिक दिसतो. त्याचे मूळ स्नानानंतरच्या वस्त्रात आहे, म्हणून औपचारिक चहासमारंभात तो सहसा घालत नाहीत.

मंदिराच्या पश्चिमेस हानामिकोजी हा रस्ता आहे. त्याच्या कोपऱ्यावर तांबड्या भिंतींचे इचिरिकी-तेइ हे जुने चहागृह उभे आहे, आणि दक्षिणेला रस्ता केन्निन-जी या १२०२ मध्ये स्थापन झालेल्या झेन मंदिराशी जाऊन संपतो. या परिसरात नृत्य, गायन आणि शामिसेन वादन यांचे व्यावसायिक शिक्षण घेतलेल्या 'गेइको' आणि त्यांच्या शिष्या 'माइको' राहतात व काम करतात. १८७२ पासून त्यांचा 'मियाको ओदोरी' हा वसंत ऋतूतील नृत्यप्रयोग होत आला आहे. माइकोचा किमोनो, पाठीवर लोंबणारा लांब ओबी आणि उंच खडावा हा भाड्याने मिळणाऱ्या पोशाखाचा प्रकार नव्हे. ते तिच्या शिक्षणाच्या टप्प्याचे चिन्ह आहे.

नेमका येथेच संघर्ष उद्भवला. कामावर निघालेल्या माइकोची वाट अडवणे, तिच्या बाहीला हात लावणे, घरांच्या अंगणात शिरून छायाचित्रे काढणे असे प्रकार वाढले. २०१९ मध्ये स्थानिक रहिवाशांच्या मंडळाने खासगी गल्ल्यांत छायाचित्रणास बंदी केली आणि दहा हजार येन दंडाचे फलक लावले. तेवढ्याने भागले नाही, म्हणून २०२४ मध्ये काही खासगी गल्ल्यांत पर्यटकांचा प्रवेशच बंद झाला. हानामिकोजी हा सार्वजनिक रस्ता मात्र खुला आहे. कोदाइ-जीजवळच्या इशिबे-कोजी या दगडी गल्लीतही छायाचित्रे काढण्यास मनाई आहे. फलक नसला, तरी बंद जाळीच्या दारामागे कोणाचे तरी घर आहे हे येथे गृहीत धरावे.

परक्याने किमोनो घालावा का?

हा प्रश्न जपानपेक्षा जपानबाहेर अधिक तावातावाने विचारला गेला आहे. २०१५ मध्ये अमेरिकेतील बोस्टनच्या कलासंग्रहालयाने क्लोद मोने यांच्या किमोनोतील स्त्रीच्या चित्रासमोर प्रेक्षकांना किमोनो घालून पाहण्याची सोय केली. परक्या संस्कृतीचा हा खेळ मांडला आहे, असा आक्षेप निदर्शकांनी घेतला, आणि संग्रहालयाने ती सोय बंद केली. याउलट २०१९ मध्ये अमेरिकी तारका किम कार्दाशियन यांनी आपल्या अंतर्वस्त्रांच्या मालाला 'किमोनो' हे नाव देऊ केले, तेव्हा क्योटोचे तत्कालीन महापौर दाइसाकु कादोकावा यांनी त्यांना पत्र लिहून ते नाव न वापरण्याची विनंती केली. स्वतः नेहमी किमोनोत वावरणाऱ्या या महापौरांचे म्हणणे असे, की हा शब्द किमोनो जपणाऱ्या सर्वांचा आहे, तो एकाच्या मालकीचा होऊ नये. ते नाव पुढे मागे घेण्यात आले.

या दोन घटना शेजारी ठेवल्या म्हणजे क्योटोची भूमिका बरीच स्पष्ट होते. किमोनो घालणाऱ्याच्या राष्ट्रीयत्वाला तेथे हरकत नाही. भाड्याची दुकाने परदेशी ग्राहकाला आनंदाने नेसवतात. हरकत आहे ती वस्त्राचा आणि वस्तीचा अर्थ पुसून टाकण्याला. जपानी माणूसही आज किमोनो रोज घालीत नाही. लहान मुलांचा शिचि-गो-सान सोहळा, जानेवारीतील सज्ञानदिन, विवाह अशा प्रसंगीच तो बाहेर निघतो. अशा वेळी रस्त्यावर तो दिसत राहणे विणकरांच्या दृष्टीनेही महत्त्वाचे आहे.

ऋतूची रीत

किमोनोत ऋतूला मोठा मान आहे. ऑक्टोबर ते मे अस्तराचा, जून व सप्टेंबरमध्ये बिनअस्तराचा आणि जुलै-ऑगस्टमध्ये झिरझिरीत कापडाचा किमोनो घालण्याचा जुना संकेत आहे. वाढत्या उन्हाळ्यामुळे तो अलीकडे सैल झाला आहे. नक्षीही ऋतूच्या किंचित आधी येते: चेरीच्या फुलांची नक्षी बहर येण्यापूर्वी शोभते, बहर आल्यावर नव्हे. मार्चअखेर ते एप्रिलचा प्रारंभ हा चेरीचा काळ, आणि नोव्हेंबरचा उत्तरार्ध हा मेपलची पाने लाल होण्याचा. हे दोन्ही अतिशय गर्दीचे असतात. शांतपणे हिंडायचे असेल तर जानेवारी-फेब्रुवारीची थंडी शाल घेऊन सोसणे अधिक सुखाचे.

काही साध्या गोष्टी सांभाळल्या म्हणजे दिवस निर्विघ्न पार पडतो. बसताना पाठ टेकू नये, ओबीची गाठ चुरगळते. वस्तू घेण्यासाठी हात पुढे करताना दुसऱ्या हाताने बाही धरावी. मोटारीत आधी बसून मग पाय आत घ्यावेत. चालता चालता खाऊ नये. निनेनझाकावर २०१७ मध्ये उघडलेल्या एका कॉफीगृहात तर जुन्या घरातील तातामी चटईवर बसूनच पेय घेता येते.

हे सारे नियम मुळात किमोनोसाठी आहेत, परंतु ते पाळणारा माणूस नकळत पेठेचेही नियम पाळू लागतो. त्याचा वेग मंदावतो, तो गल्लीची रुंदी अडवत नाही, आवाज खाली आणतो आणि जाळीच्या दारांपुढून सावकाश निघून जातो. रहिवाशांची पाहुण्यांकडून अपेक्षा यापेक्षा फारशी वेगळी नाही. ती पूर्ण झाली, तर बंद झालेल्या गल्ल्यांच्या यादीत आणखी भर पडणार नाही.